खलनायकाची शुश्रूषा

नागपुरात मी फिजिओथेरपिस्ट होते. कॅनडात, टोरंटोच्या स्कारबरोला आल्यावर मी म्हाताऱ्या माणसांना आंघोळ घालू लागले. दोन्ही कामांना हात तेच लागतात, फक्त पहिल्या कामात लोक मला मॅडम म्हणायचे. इथल्या कॉलेजचा डिप्लोमा संपला होता, वर्क परमिटची मुदत पळत होती, आणि पीआरसाठी, म्हणजे कायम राहण्याच्या परवान्यासाठी, अप्लाय करायचं तर कुणीतरी लिहून द्यायला हवं होतं की ही मुलगी आमच्याकडे अमुक इतके तास, अमुक काम करत होती. त्या एका पत्रासाठी मी सिफूंच्या घरी कामाला लागले. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे मी जे केलं ते कशासाठी केलं याबद्दल शंका नको.

सिफू नव्वदीच्या पुढचे होते. घरात ते आणि त्यांची चौसष्ट वर्षांची मुलगी, बाकी कुणी नाही. मुलगी शहर बसची ड्रायव्हर होती, आता रिटायर झालेली. तिने मला किचनमधल्या टेबलाशी बसवलं आणि काम सांगितलं: सकाळी उठवायचं, धुवायचं, खाऊ घालायचं, वॉकर धरून अंगणापर्यंत नेऊन आणायचं.

"त्यांना सिफू म्हण," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"उस्ताद. आम्ही सगळे तेच म्हणतो."

"तुम्हीसुद्धा?"

"मी पाच वर्षांची असताना त्यांनी मला शिकवायला सुरुवात केली. म्हणाले, शिकताना सिफू म्हणायचं, बाबा घरी आल्यावर म्हणायचं." ती उठून चहाचे कप धुवायला लागली. "मग बाबा कधी घरी आलेच नाहीत."

सिफू हाँगकाँगच्या जुन्या, कँटनीज भाषेतल्या सिनेमात मारामारीची कामं करायचे. रंग येण्याच्या आधीचा, काळ्या-पांढऱ्या पडद्याचा तो काळ. त्यांचं इंग्रजी टोरंटोतल्या एका हॉटेलच्या भटारखान्यात शिकलेलं होतं. त्यात क्रियापदं नव्हती, शिव्या भरपूर होत्या. तरी वर्षभरात मला त्यांचं सगळं आयुष्य समजलं, कारण जे शब्दांत मावत नसे ते ते हातांनी करून दाखवायचे.

नऊ वर्षांचे असताना बापाने त्यांना एका नाटक मंडळीत नेऊन सोडलं. एक कागद केला होता आणि त्यावर बापाचा अंगठा होता. शिकताना पोर मेलं तर घरच्यांची तक्रार नाही, असं त्यात लिहिलेलं होतं. तिथे ते पडायला शिकले. आधी जमिनीवर, मग एका टेबलावरून, मग एकावर एक रचलेल्या दोन टेबलांवरून, मग तीन. चुकलं की वेत. रडलं की जास्त वेत. हे सांगताना सिफूंच्या आवाजात तक्रार नसायची. आपल्याकडे एखादा म्हातारा मास्तर आपल्या शाळेबद्दल बोलतो तसे ते बोलायचे.

विशीत त्यांना स्टुडिओत काम मिळालं. पत्र्याच्या शेडमध्ये आठवडा-दहा दिवसांत एक सिनेमा उरकायचा. सिफू मार खाणारे होते. हिरोने हात उगारला की हवेत उलटं व्हायचं आणि पाठीवर आदळायचं. कपड्यांत तांदळाचं पीठ भरलेलं असायचं, म्हणजे फटका बसला की धुरळा उडायचा. एका हिरोला खोटं मारणं जमायचंच नाही. त्याने एकदा कानाखाली लगावली आणि सिफूंचा डावा कान कायमचा गेला.

"मग दिग्दर्शक काय म्हणाला?" मी विचारलं.

"गुड टेक," सिफू म्हणाले. आणि हसले. दात नसलेलं, मनापासूनचं हसू.

पुढे ते मार खाणाऱ्यांचे म्होरके झाले आणि शेवटी खलनायक. पांढऱ्या भुवया चिकटवायच्या, डोळे बारीक करायचे, बायका-मुलांवर जुलूम करायचा आणि शेवटच्या रिळात हिरोच्या हातून मरायचं. बाजारात गेले तर मासेवाल्या बायका त्यांच्यावर पाणी फेकायच्या. एकीने खवले साफ करायची सुरी उगारली होती. सिफूंच्या लेखी तो त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा मान होता. मग रंगीत सिनेमा आला, मँडरीन बोलणारी तरणी पोरं आली, आणि कँटनीज सिनेमाच्या त्या शेड एकेक करून बंद पडल्या. सिफू बायको-मुलीला घेऊन टोरंटोला आले, दिवसभर बदकं चिरायला लागले आणि संध्याकाळी एका बेसमेंटमध्ये कुंग-फूचा क्लास घ्यायला लागले. बायको इथेच वारली.

मला ते आवडायचे. हे लिहिताना लाज वाटते, पण खरं आहे. सकाळी मी त्यांचे पाय चोळत असले की ते मला थोबाडीत खायला शिकवायचे. "मान आधी," ते म्हणायचे. "हात मग." म्हणजे फटका पोचायच्या आधीच मान वळली पाहिजे. ते हात उगारायचे, मी मान वळवायचे आणि मग ते टाळी वाजवून आवाज काढायचे. दोघंही हसायचो. दारात त्यांची मुलगी उभी राहून बघत असायची. ती हसायची नाही.

एकदा सिफू झोपलेले असताना तिने स्वेटरची बाही वर केली आणि हात टेबलावर ठेवला.

"तू शिकलेली आहेस ना? बघ."

कोपर सरळ होत नव्हतं. पूर्ण उघडायच्या बरंच आधी अडत होतं. हाड कधीतरी मोडून वेडंवाकडं जुळलेलं होतं, ते बोटांना लगेच कळलं.

"हे फार जुनं आहे," मी म्हटलं. "लहानपणीचं."

"सहा वर्षांची होते."

"पडलात?"

"पाडलं." तिने बाही खाली ओढली. "बस चालवताना कोपर वाकलेलंच असतं. कुणाच्या लक्षात आलं नाही."

पुढे मी काही विचारलं नाही. पत्राचा विषय काढायचा होता, म्हणून मी तिचा मूड बिघडवायला तयार नव्हते. पत्राचा विषय काढला. "पुढच्या आठवड्यात," ती म्हणाली. दर आठवड्याला हेच म्हणायची.

त्या हिवाळ्यात नॉर्थ यॉर्कमधून एका बाईंचा फोन आला. त्या एका कॉलेजात सिनेमा शिकवायच्या. त्यांना कुठून तरी सिफूंचा एक जुना सिनेमा सापडला होता, साफ केलेला, खाली इंग्रजी अक्षरांसकट. सिफू जिवंत आहेत आणि स्कारबरोत राहतात हे कळल्यावर त्यांना केवढा आनंद झाला होता! वर्गात यायचं, थोडा सिनेमा बघायचा, मुलांच्या प्रश्नांना उत्तरं द्यायची. मुलीने भाषांतर करावं.

मला वाटलं ती नाही म्हणेल. ती हो म्हणाली.

सिफूंनी आठवडाभर तयारी केली. मला दोनदा दाढी करायला लावली. मखमली कॉलरचा काळा कोट कपाटातून काढला, तो आता अंगावर हँगरसारखा लटकत होता. वर्गात तीस-चाळीस मुलं होती. सिफूंना पुढे खुर्चीत बसवलं, शेजारी मुलगी. मी मागे भिंतीशी वॉकर धरून उभी.

दिवे मंद झाले आणि पडद्यावर एक लाकडी जिना दिसला. वर पांढऱ्या भुवयांचा एक माणूस. त्याच्या हातात एक लहान मुलगी, दोन वेण्या घातलेली. खाली तिची सिनेमातली आई हात जोडून गयावया करत होती. त्या माणसाने डोळे बारीक केले, हसला आणि मुलीला जिन्यावरून फेकून दिलं. ती पायऱ्यांवर आपटत खालपर्यंत आली आणि पडून राहिली. वर्गात कुणीतरी "ओ माय गॉड" म्हणालं. मग दिवे लागले आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. सिफूंना टाळ्या ऐकू आल्या. त्यांनी दोन्ही हात जुळवून मान लववली.

एका मुलाने विचारलं की हा शॉट कसा घेतला, बाहुली वापरली का.

मुलीने सिफूंच्या उजव्या कानाशी वाकून प्रश्न सांगितला. सिफू खुलले. हात हलवत बराच वेळ बोलले. ती शांतपणे ऐकत होती आणि एकेक वाक्य इंग्रजीत सांगत होती. बसचे स्टॉप सांगावेत तसा तिचा आवाज होता.

"ते म्हणतायत, बाहुली नव्हती. बाहुली घातली तर प्रेक्षकांना कळतं.

"ज्या मुलीला आणलं होतं तिची आई ऐनवेळी नाही म्हणाली. मग त्यांनी स्वतःची मुलगी आणली.

"तीन वेळा फेकावं लागलं. पहिल्या दोन वेळा ती हात पुढे करत होती, स्वतःला वाचवत होती. ते खोटं दिसत होतं.

"तिसऱ्या वेळी तिला हात पुढे करता आला नाही. कारण तो मोडला होता. म्हणून तिसरा टेक चांगला आला. तोच तुम्ही आता पाहिलात."

कुणीतरी हसलं आणि मध्येच थांबलं. त्या शिकवणाऱ्या बाई उभ्याच राहिल्या होत्या. त्यांना बहुधा विषय बदलायचा होता, पण पहिल्या रांगेतल्या एका मुलीने विचारलं, "आणि त्या मुलीचं पुढे काय झालं? तिने सिनेमात काम केलं का?"

सिफूंची मुलगी पुन्हा त्यांच्या उजव्या कानाशी वाकली. मग तिने तो प्रश्न त्यांना विचारला. सिफूंनी तिच्याकडे पाहिलंही नाही, वर्गाकडे बघत हात झटकून दोन शब्द बोलले.

"ते म्हणतायत," ती म्हणाली, "तिच्यात काही नव्हतं."

परत येताना गाडीत सिफू खुशीत होते. मागच्या सीटवरून मला सारखे विचारत होते, "स्टुडंट लाइक? लाइक?" मी हो म्हणत होते. ती गाडी चालवत होती. एका सिग्नलला, समोर बघत, ती मला म्हणाली, "मला वाटलं होतं, एवढ्या लोकांसमोर विचारलं तर निदान नाव तरी घेतील. ही बसलीय ना शेजारी, ती, असं म्हणतील." सिग्नल हिरवा झाला. मागच्या गाडीने हॉर्न वाजवेपर्यंत ती तशीच बसून होती.

त्यानंतर पंधरा दिवसांनी तिने मला सांगितलं की सिफूंना केअर होममध्ये ठेवायचं आहे. चिनी वस्तीतल्या, कँटनीज बोलणाऱ्या होमची वेटिंग लिस्ट काही वर्षांची होती. तिला इतकं थांबायचं नव्हतं. घरात धोका आहे असं दिसलं तर जागा लवकर मिळते, कुठेही का होईना. पाहणीला एक बाई येणार होत्या.

"त्या तुला विचारतील," ती म्हणाली. "तू दिवसभर त्यांच्याबरोबर असतेस. तुझ्या शब्दाला वजन आहे."

मी सिफूंचे टॉवेल घडी करत राहिले.

"तुझं पत्र मी टाइप करून ठेवलंय," ती म्हणाली. "फक्त सही राहिलीय."

पाहणीच्या दिवशी सकाळी मी सिफूंना आंघोळ घालायला गेले तर ते आधीच जागे, कोट मागत होते. "टुडे पिक्चर लेडी," ते म्हणाले. मुलीने त्यांना सांगितलं होतं की सिनेमावाल्या बाई येणार आहेत, नवीन पिक्चरसाठी म्हातारा खलनायक शोधतायत. मी त्यांच्या गालांना साबण लावला. मी त्यांना खरं सांगू शकले असते. माझ्याकडे वस्तरा होता, वेळ होता, आणि तेवढं इंग्रजी त्यांना समजत होतं. मी नीट दाढी करून दिली.

त्या बाई भल्या होत्या. बर्फाचे बूट दारात काढून मोज्यांनिशी आत आल्या, सिफूंसमोर बसल्या, नाव विचारलं, जेवण जातं का विचारलं. मुलगी भाषांतर करत होती. मग ती सिफूंकडे वळून कँटनीजमध्ये काहीतरी म्हणाली, हळू, जवळजवळ प्रेमाने.

सिफू उठले. वॉकर त्यांनी बाजूला ढकलला तो भिंतीवर आदळला. डोळे बारीक झाले. जी पाठ मी वर्षभर वाकलेलीच पाहिली होती ती सरळ झाली, आणि त्या वाळक्या छातीतून असा आवाज निघाला की माझ्याही अंगावर काटा आला. उजवा हात उगारून ते त्या बाईंच्या दिशेने दोन पावलं गेले आणि त्यांच्या चेहऱ्यापासून वीतभर अंतरावर हात थांबवला. अगदी अचूक. नव्वदीतल्या माणसाला असं थांबता येतं यावर माझा विश्वास बसला नसता.

त्या बाई खुर्चीसकट मागे सरकल्या होत्या. पांढऱ्याफटक पडल्या होत्या.

"असं नेहमी होतं?" त्यांनी विचारलं.

"रोज," मुलगी म्हणाली.

त्या माझ्याकडे वळल्या. "तुमच्यावरही हात उगारतात?"

मुलगी माझ्याकडे बघत नव्हती. ती वॉकर उचलून सरळ ठेवत होती.

"हो," मी म्हणाले. "उगारतात."

मला ते वाक्य खोटंही वाटलं नाही. रोज सकाळी ते हात उगारायचेच की, मान वळवायला शिकवताना. अशी मी माझी समजूत घातली, आणि त्या बाईंनी ते लिहून घेतलं.

त्या गेल्यावर सिफू खुर्चीत कोसळले, घामाने भिजलेले. मी त्यांचा कोट उतरवत होते तेव्हा त्यांनी माझं मनगट धरलं.

"पिक्चर लेडी हॅपी?"

"खूप," मी म्हणाले. "व्हेरी हॅपी."

संध्याकाळी मला पत्र मिळालं. छान पत्र होतं. त्यात मी प्रामाणिक आहे असं लिहिलेलं होतं.

जागा महिन्याभरात मिळाली, स्कारबरोपासून दोन तासांवरच्या एका लहानशा गावात. फॉर्मवर भाषेच्या रकान्यात मुलीने इंग्रजी लिहिलं होतं. सिफूंना शूटिंगला चाललोय असं वाटत होतं, म्हणून ते गाडीत सहज बसले. मी तेव्हा बरोबर गेले नाही.

गेले ती दोन महिन्यांनी, दोन बस बदलून. त्यांच्या खोलीच्या दारावर पिवळा कागद लावलेला होता: दोन कर्मचाऱ्यांशिवाय आत जाऊ नये. माझ्याबरोबर आलेली नर्स म्हणाली की फाइलमध्येच लिहून आलं होतं, हल्ला करतात म्हणून, त्यामुळे आल्या दिवसापासून गुंगीचं औषध चालू आहे. सिफू खुर्चीत होते, समोर ट्रे अडकवलेला, हनुवटी छातीवर. शेजारच्या बेडवरचा म्हातारा हॉकी बघत होता. मी हाक मारली. त्यांनी डोळे उघडले, मला ओळखलं की नाही ते कळलं नाही, आणि एकच शब्द बोलले. परत बोलले.

"दोन दिवस हेच चाललंय," नर्स म्हणाली. "तुम्हाला यांची भाषा येते का?"

"नाही," मी म्हटलं.

तिने मुलीला फोन लावला, स्पीकरवर टाकला आणि सिफूंच्या तोंडाशी धरला. सिफूंनी तो शब्द पुन्हा म्हटला. थुंग. 

"काही नाही," मुलीचा आवाज आला. "जुन्या सिनेमातले डायलॉग आहेत."

नर्स हसली, समजुतीने. तिने फोन खिशात घालायला घेतला. आणि मला तो शब्द माहीत होता. वर्षभर एखाद्या माणसाचे सांधे हलवल्यावर त्याच्या भाषेतला हा एक शब्द तर येणारच. रोज मी गुडघा वाकवला की ते तोच म्हणायचे.

"दुखतंय म्हणतायत," मी म्हटलं.

"पण त्यांची मुलगी तर—"

"मुलगी खोटं सांगतेय."

फोन चालूच होता. तिने ऐकलं. मग फोन बंद झाल्याचा आवाज आला.

मी ट्रे काढायला लावला, पांघरूण बाजूला केलं. उजवं पाऊल बाहेरच्या बाजूला वळलेलं होतं आणि तो पाय डाव्यापेक्षा आखूड दिसत होता. एवढं बघायला डिग्री लागत नाही. खुब्याचं हाड मोडलं होतं. पाच दिवसांपूर्वी ते बाथरूममध्ये पडले होते, पण ओरडले नव्हते, आणि उचलल्यावर चेहऱ्यावर काही दिसलं नव्हतं, म्हणून कुणी एक्स-रे काढला नव्हता. ॲम्ब्युलन्स येईपर्यंत मी त्यांच्याजवळ बसले. नर्सने मला दोनदा थँक यू म्हटलं. दारावरचा तो पिवळा कागद कुणामुळे लागला हे मी तिला सांगितलं नाही. सांगायला हवं होतं, कारण ॲम्ब्युलन्समधून जातानाही त्यांच्या फाइलवर तेच लिहिलेलं असणार होतं आणि हॉस्पिटलमध्येही त्यांचे हात बांधले असणार. पण तसं सांगितलं असतं तर माझं पत्र खोटं ठरलं असतं.

ऑपरेशननंतर तीन आठवड्यांनी ते गेले. मला ते त्या नर्सकडून कळलं. सिफूंच्या मुलीने मला कधी फोन केला नाही, मीही केला नाही. तिचा मला राग येत नाही. ती सहा वर्षांची असताना तिच्याबरोबर काय झालं ते मी पडद्यावर पाहिलंय. मला तर सिफूंनी कधी बोटही लावलं नव्हतं.

मी आता हॅलिफॅक्सच्या एका हॉस्पिटलमध्ये फिजिओथेरपी असिस्टंट आहे. पीआर झालं त्या दिवशी आईला व्हिडिओ कॉल केला. तिने देवापुढे साखर ठेवली, शेजारणीला हाक मारली, आणि मग बोलता बोलता विचारलं, "ज्यांनी पत्र दिलं त्यांच्या घरचा तो म्हातारा कसा आहे गं?"

"वारला," मी म्हटलं.

"अरेरे. करायचा काय तो आधी?"

"सिनेमात होता. व्हिलन."

"तरीच," आई म्हणाली. "तू मागे म्हणाली होतीस ना, हात उगारतो म्हणून. सुटलीस बाप्पा."

शेजारीण आली, आईने फोन तिच्याकडे वळवला आणि मी तिला इथल्या थंडीबद्दल सांगायला लागले.